वाचकांचे प्रश्न : कीर हार्डी आणि वर्षाला एक पेनी

गेल्या अंकात ब्रिटनच्या मजूर पक्षाचे पहिले संसदीय नेते जेम्स कीर हार्डी यांची एक पानी ओळख छापली होती. ज्यांच्या हाती तो अंक पडला नाही त्यांच्यासाठी थोडक्यात : जन्म १५ ऑगस्ट १८५६, स्कॉटलंडच्या लॅनार्कशर परगण्यात, आई शेतावरची मोलकरीण, सावत्र वडील जहाजावरचे सुतार, दहाव्या वर्षी कोळशाच्या खाणीत, मग खाणकामगारांचे संघटक, पत्रकार, १८९२ साली खासदार, मृत्यू २६ सप्टेंबर १९१५. त्यावर बरीच पत्रे आली. त्यातले काही प्रश्न इथे घेतले आहेत. ‘कीर’ हे आईचे माहेरचे आडनाव, आणि उच्चार कीरच. काही पत्रांत ‘केअर’ आणि ‘केर’ लिहिले आहे. आपल्याकडच्या कीर मंडळींशी अर्थातच त्याचा काही संबंध नाही.

दहा वर्षांचा पोरगा खाणीत नेमके कोणते काम करत असेल? आमच्याकडे कोळशाच्या खाणी आहेत, म्हणून कुतूहल. (एक वाचक, चंद्रपूर)

दार उघडणे आणि दार लावणे. या कामावरच्या मुलाला तिकडे ‘ट्रॅपर’ म्हणत.

ऐकायला हे काम क्षुल्लक वाटते, पण खाणीतल्या साऱ्यांचा श्वास त्या दारावर असे. त्या काळी खाणीला हवा पुरवण्याची एक पद्धत अशी होती : दोन उभ्या विहिरी खणायच्या आणि एकीच्या तळाशी मोठी भट्टी पेटती ठेवायची. गरम हवा त्या विहिरीतून वर जाते आणि तिची जागा घ्यायला दुसऱ्या विहिरीतून ताजी हवा खाली ओढली जाते. पण हवा नेहमी जवळची वाट धरते. मधले बोगदे मोकळे राहिले तर ती सरळ भट्टीकडे निघून जाईल आणि कोळसा फोडणाऱ्या माणसांपर्यंत पोहोचणारच नाही. म्हणून आडव्या बोगद्यांना लाकडी दारे लावून तिला लांबच्या वाटेने फिरवून आणत. कोळशाची गाडी आली की दोरी ओढून दार उघडायचे, गाडी गेली की लगेच लावायचे. पोरगा पेंगला आणि दार उघडे राहिले, तर पुढच्या टोकाला कोळशातून सुटणारा वायू साचतो. तिथे दिव्याची ज्योत उघडी असेल तर स्फोट.

म्हणजे पगार पोराचा आणि जबाबदारी अख्ख्या पाळीची. दहा-दहा तास अंधारात एकट्याने बसायचे, सोबतीला एक मिणमिणता दिवा. हिवाळ्यात सूर्य उगवायच्या आत खाली आणि मावळल्यावर वर, त्यामुळे उजेड दिसायचा तो रविवारी. १८४२च्या कायद्याने दहा वर्षांखालच्या मुलांना खाणीत उतरवायला बंदी घातली होती. दहा पूर्ण झाली की कायद्याची मुख्य अडचण संपली.

त्याच दिव्याची दुसरी गोष्ट म्हणजे लघुलेखन. दगडी पाटीचा तुकडा ज्योतीवर धरून काजळीने काळा करायचा, आणि दिव्याची वात सारायची जी तार असते तिच्या टोकाने त्यावर पिटमनच्या लघुलिपीतली चिन्हे ओरखडायची. वाचायला आईने शिकवले होते, शाळा जवळजवळ नव्हतीच. पुढे मालकांनी काळ्या यादीत टाकल्यावर पत्रकारितेवर पोट भरता आले.

पार्लमेंटात ते कापडी टोपी घालून गेले, ही गोष्ट खरी का? (नाशिक)

अर्धी खरी. ३ ऑगस्ट १८९२ रोजी ते सभागृहात आले तेव्हा बाकीच्यांच्या अंगावर काळे लांब कोट आणि डोक्यावर उंच रेशमी हॅट, तर यांच्या अंगावर साधा लोकरी सूट होता. टोपी मात्र मजुराची चपटी कापडी नसून पुढे-मागे पाखे असलेली शिकारी वळणाची होती. समर्थकांनी घोडागाडी ठरवली होती आणि तीत तुतारी वाजवणाराही होता. वर्तमानपत्रांना आयते खाद्य मिळाले. त्यांच्यावर लिहिणारे आजही टोपीपासून सुरुवात करतात, आणि खरी अडचण जिथे होती तिथवर पोहोचतच नाहीत. ती पुढच्या उत्तरात आहे.

गरीब माणूस निवडणूक लढवत होता तर पैसा कुठून येत होता? खासदार झाल्यावर पगार तर मिळत असेल? (एक निवृत्त बँक कर्मचारी, कोल्हापूर)

सगळ्या पत्रांत हा प्रश्न आम्हाला सर्वांत मोलाचा वाटला.

पगार मिळत नव्हता. ब्रिटिश खासदारांना पगार सुरू झाला १९११ साली, वर्षाला ४०० पौंड. त्याआधी खासदारकी ही जमीनदार, कारखानदार, वकील अशांनी फावल्या वेळात करायची गोष्ट होती. कायद्याने मजुराला मज्जाव नव्हता, मज्जाव होता तो भाकरीचा. त्यात निवडणूक अधिकाऱ्याचा सारा खर्च, म्हणजे मतदान केंद्रे, कारकून, छपाई, हा उमेदवारांमध्ये वाटून वसूल केला जाई. हरलात तरी बिल येणारच.

मतदाराचीही अशीच गत. १८८४च्या कायद्याने परगण्यांतल्या घरमालक-भाडेकरू पुरुषांना मत मिळाले आणि खाणकामगार यादीत आले. पण एकाच ठिकाणी सलग बारा महिने वास्तव्य हवे. खोलीवर राहणाऱ्याचे भाडे वर्षाला दहा पौंडांच्या हिशेबाचे हवे, आणि त्याने दरवर्षी नव्याने अर्ज करायचा. गरीब-निर्वाह निधीतून मदत घेतली की नाव कटले. खाणकामगाराची खोली बहुधा खाणमालकाचीच असे. संपात पुढे झालात की नोकरी गेली, नोकरीबरोबर खोली गेली, आणि खोलीबरोबर मतही गेले. स्त्रियांना मत नव्हतेच, आणि प्रौढ पुरुषांपैकीही साधारण साठ टक्केच यादीत होते.

यावर जुना तोडगा होता. अलेक्झांडर मॅकडोनाल्ड आणि टॉमस बर्ट हे दोन खाणकामगार १८७४ सालीच खासदार झाले होते. (म्हणजे हार्डी पहिले कामगार खासदार नव्हेत, आमच्याकडे आलेल्या तीन पत्रांत तसे गृहीत धरले आहे.) मात्र हे लोक लिबरल पक्षाच्या, म्हणजे तेव्हाच्या दोन मोठ्या पक्षांपैकी एकाच्या, छत्राखाली असत. युनियनने पोसायचे आणि लिबरलांनी जागा सोडायची, अशी सोय. खाणमालकही बहुधा त्याच पक्षात, त्यामुळे कामाचे आठ तास मागायची वेळ आली की जीभ अडखळे.

हार्डीही आधी त्याच दारात गेले होते. १८८८च्या एप्रिलमध्ये मिड-लॅनार्कच्या पोटनिवडणुकीत त्यांना लिबरलांची उमेदवारी हवी होती. ती मिळाली नाही. अपक्ष उभे राहिले तेव्हा माघार घ्या, दुसरीकडे हमखास जागा आणि वर्षाला ३०० पौंड देतो, असा निरोप आला. त्यांनी नाकारला. निकाल : लिबरल ३,८४७, हुजूर पक्ष २,९१७, हार्डी ६१७. त्याच ऑगस्टमध्ये त्यांनी सहकाऱ्यांसह स्कॉटिश लेबर पार्टी काढली.

१८९२ साली लंडनच्या गोदी भागातल्या वेस्ट हॅम साउथमधून ते ५,२६८ विरुद्ध ४,०३६ मतांनी निवडून आले. त्यात नशिबाचा भाग होता. लिबरलांचा ठरलेला उमेदवार आधीच वारला आणि रिंगणात त्या पक्षाचे कोणी उरले नाही. निवडणूक निधीला पोलादसम्राट अँड्र्यू कार्नेगी यांनी १०० पौंड पाठवले होते. त्याच उन्हाळ्यात अमेरिकेत कार्नेगींच्याच होमस्टेड कारखान्यात संप पेटला, आणि हार्डींनी तेवढी रक्कम संपकऱ्यांना पाठवून दिली.

१८९३च्या जानेवारीत ब्रॅडफर्ड इथे इंडिपेंडंट लेबर पार्टी स्थापन झाली आणि हार्डी अध्यक्ष झाले. उत्साह उदंड होता, तिजोरी रिकामी. १८९५च्या निवडणुकीत पक्षाने २८ उमेदवार उभे केले. अठ्ठावीसच्या अठ्ठावीस पडले, हार्डींसह.

इथे त्यांचा खरा शहाणपणा दिसतो. पटलेल्या माणसांच्या वर्गणीवर पक्ष चालणार नाही, पैसा आहे तो युनियनांकडे, हे त्यांनी ओळखले. युनियनांचे नेते समाजवादी नव्हते. त्यांना समाजवाद पटवण्यात वर्षे घालवण्याऐवजी हार्डींनी मागणी लहान केली : पार्लमेंटात आपला वेगळा गट हवा, एवढे मान्य करा. २७ आणि २८ फेब्रुवारी १९०० रोजी लंडनच्या मेमोरियल हॉलमध्ये १२९ प्रतिनिधी जमले आणि लेबर रिप्रेझेंटेशन कमिटी उभी राहिली. चिटणीस झाले रॅम्से मॅकडोनाल्ड. संलग्न होण्याचा दर होता दर हजार सभासदांमागे वर्षाला १० शिलिंग. वीस शिलिंगांचा एक पौंड, म्हणजे दहा लाख सभासद आले तरी जमणार ५०० पौंड. त्यात कचेरी चालेल, खासदार पोसले जाणार नाहीत.

मग मदतीला आला तो न्यायालयाचा निकाल. वेल्समधल्या टॅफ व्हेल रेल्वेत संप झाला होता. १९०१ साली हाउस ऑफ लॉर्ड्सने, म्हणजे तेव्हाच्या सर्वोच्च न्यायपीठाने, ठरवले की संपामुळे झालेले कंपनीचे नुकसान युनियनच्या निधीतून वसूल करता येते. रेल्वे युनियनला २३,००० पौंडांचा भुर्दंड पडला, खटल्याचा खर्च निराळा. जे नेते तोवर राजकारण नको म्हणत होते त्यांना कळून चुकले की कायदा बदलल्याशिवाय संप करणे म्हणजे तिजोरी मालकाच्या हवाली करणे. दोन वर्षांत कमिटीचे सभासद दुपटीहून वाढून साडेआठ लाखांच्या आसपास गेले.

१९०३च्या न्यूकॅसल अधिवेशनात खासदार निधी उभारायचे ठरले. दर सभासदामागे वर्षाला एक पेनी. हिशेब करून पाहा : २४० पेन्यांचा एक पौंड, म्हणजे दहा लाख सभासदांकडून ४,१६६ पौंड. खासदाराला निर्वाहासाठी वर्षाला २०० पौंड द्यायचे, तर वीस माणसे पोसली जातात. सोबत अट अशी की या पैशावर निवडून आलेल्याने लिबरल किंवा हुजूर पक्षाशी नाते सांगायचे नाही. एका पेनीने वेतन आणि शिस्त दोन्ही साधली. १९०६ साली २९ जण निवडून आले, गटाने ‘मजूर पक्ष’ हे नाव घेतले, आणि अध्यक्षपदी हार्डी एका मताने निवडले गेले. त्याच वर्षी टॅफ व्हेलचा निकाल पुसून टाकणारा कायदाही झाला.

(मराठी वर्तमानपत्रांनी कॉन्झर्वेटिव्ह आणि लेबर यांचे ‘हुजूर’ आणि ‘मजूर’ असे केलेले बारसे अजून चालते. यमकाने अर्थ इतका नेमका क्वचितच पकडला असेल.)

मग पुन्हा न्यायालय. १९०९च्या ऑसबर्न निकालाने युनियनांना राजकीय कामासाठी सक्तीची वर्गणी घ्यायला मनाई केली, म्हणजे पेनीचा झरा आटला. म्हणून १९११चा सरकारी पगार मजूर पक्षाला जीवदान ठरला. १९१३च्या कायद्याने स्वतंत्र राजकीय निधी ठेवायला परवानगी मिळाली आणि नको असेल त्या सभासदाला त्यातून बाहेर पडायची मुभाही.

स्कॉटलंडचा माणूस वेल्समधून कसा निवडून आला? (सोलापूर)

त्या वेळी देशभर एकाच दिवशी मतदान होत नसे, निवडणूक दोन-तीन आठवडे चाले. त्यामुळे १९०० साली हार्डी दोन ठिकाणी उभे राहिले. इंग्लंडमधल्या प्रेस्टनला पडले आणि दुसऱ्याच दिवशी वेल्समधल्या मर्थर टिडफिलला निवडून आले. मर्थरला दोन जागा होत्या आणि प्रत्येक मतदाराला दोन मते. पहिले मत बहुतेकांनी लिबरल डी. ए. थॉमस यांना दिले. दुसऱ्या लिबरल उमेदवाराचे, प्रिचर्ड मॉर्गन यांचे, थॉमस यांच्याशी पटत नव्हते, शिवाय ते दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धाच्या बाजूचे. त्यामुळे अनेकांचे दुसरे मत हार्डींकडे वळले. थॉमस ८,५९८, हार्डी ५,७४५, मॉर्गन ४,००४. थॉमस हे स्वतः मोठे खाणमालक होते, ही गंमत वेगळीच. मर्थरची जागा मरेपर्यंत हार्डींकडेच राहिली.

राजपुत्राच्या जन्मावर त्यांनी टीका केली होती म्हणतात. त्यात शोभण्यासारखे काय? (पुणे)

तारखा शेजारी शेजारी ठेवून पाहाव्यात. २३ जून १८९४ रोजी दक्षिण वेल्समधल्या किल्व्हुनिथ गावच्या अल्बिअन खाणीत स्फोट होऊन २९० माणसे आणि पोरे मेली. त्याच दिवशी राजघराण्यात मुलगा जन्मला. लगोलग फ्रान्सच्या अध्यक्षांचा खून झाला. सभागृहाने फ्रान्सला शोकसंदेश पाठवला, राणीचे अभिनंदन करायचे ठरवले. अभिनंदनाच्या ठरावात मेलेल्या खाणकामगारांच्या घरच्यांसाठी दोन शब्द घाला, अशी हार्डींची मागणी होती. ती मानली गेली नाही. २८ जूनला ते उभे राहिले आणि आरडाओरड्यात बोलत राहिले : या मुलाभोवती लहानपणापासून खुशमस्कऱ्यांचा गराडा पडेल, पुढे त्याला जगाच्या सफरीवर धाडतील, मग बरोबरीच्या नसलेल्या स्त्रीशी त्याच्या संबंधाच्या वावड्या उठतील, आणि या सगळ्याचे बिल देश भरेल.

सफर झाली. १७ नोव्हेंबर १९२१ रोजी हाच राजपुत्र युवराज म्हणून मुंबईला उतरला तेव्हा शहरात बहिष्कार, हरताळ आणि दंगल होती. वावड्यांचेही खरे ठरले. आठवा एडवर्ड म्हणून गादीवर आलेल्या याच गृहस्थांनी १९३६ साली विवाहापायी राज्यत्याग केला. शोभण्याचा प्रश्न ज्याने त्याने ठरवावा.

हार्डी भारतात आले होते का? टिळकांशी भेट झाली होती का? (रत्नागिरी)

हो, १९०७ साली, जगप्रवासाच्या ओघात. आधी बंगालला गेले. फाळणीविरोधी चळवळ आणि स्वदेशीचा तो ऐन भर, त्यात बारिसालसारख्या ठिकाणी ते गेल्यामुळे त्यांच्या भाषणांच्या तिखटमीठ लावलेल्या तारा लंडनला पोहोचल्या आणि तिथल्या पत्रांनी त्यांना राजद्रोही ठरवले. म्हणणे काय होते, तर भारताला कॅनडासारखे स्वशासन द्यावे. पुण्यात टिळकांची भेट झाली. पुढे आपल्या लेखांचे पुस्तक त्यांनी १९०९ साली काढले. त्यात भर आहे तो शेतकऱ्याचा सारा, दारिद्र्य आणि वरच्या नोकऱ्यांत भारतीयांना नसलेला वाव यांवर. त्याच प्रवासात दक्षिण आफ्रिकेत गोऱ्या जमावांनी त्यांच्यावर दगडफेक केली, कारण काळ्या कामगारांना युनियनमध्ये घ्या असे ते तिथल्या गोऱ्या कामगारांना सांगत होते.

जुलै १९०८ मध्ये टिळकांना सहा वर्षांची शिक्षा झाली आणि मुंबईच्या गिरणी कामगारांनी सहा दिवस संप केला. पत्रकार व्हॅलेंटाइन चिरोल यांच्यावरच्या अब्रूनुकसानीच्या खटल्यासाठी टिळक १९१८ साली लंडनला गेले, तेव्हा त्यांनी मुद्दाम मजूर पक्षाशी संधान बांधले. हार्डी तोवर हयात नव्हते.

त्यांच्या काळात आपल्याकडे असे कोणी नव्हते का? (ठाणे)

होते, आणि तुमच्याच ठाण्याशी नाते असलेले. नारायण मेघाजी लोखंडे, जन्म १८४८. रेल्वे आणि टपाल खात्यात नोकरी करून मग मुंबईच्या मांडवी भागातल्या गिरणीत स्टोअरकीपर झाले. सत्यशोधक, आणि १८८० पासून ‘दीनबंधु’चे संपादक. सप्टेंबर १८८४ मध्ये त्यांनी कामगारांच्या सभा घेऊन साडेपाच हजार सह्यांचा अर्ज तयार केला. मागण्या मोजक्या होत्या : रविवारी पूर्ण सुट्टी, दुपारी अर्धा तास विश्रांती, काम सकाळी साडेसहा ते सूर्यास्त, पगार पुढच्या महिन्याच्या १५ तारखेच्या आत, आणि कामावर जबर दुखापत झाली तर बरा होईतो पूर्ण पगार. तिसरी मागणी पुन्हा वाचा : आठ तास नव्हे, ‘सूर्यास्त’. १० जून १८९० रोजी गिरणी मालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली.

लोखंडे हार्डींहून आठ वर्षांनी मोठे, आणि हार्डी मिड-लॅनार्कला ६१७ मते मिळवत होते तेव्हा लोखंड्यांना संघटनेच्या कामाचा चार वर्षांचा अनुभव होता. फरक हा की गिरणी कामगाराला मतच नव्हते. त्यामुळे अर्ज, सभा आणि फॅक्टरी कमिशनपुढची साक्ष, एवढीच हत्यारे उरत. ९ फेब्रुवारी १८९७ रोजी प्लेगने त्यांचा मृत्यू झाला.

डॉ. आंबेडकरांचा ‘स्वतंत्र मजूर पक्ष’ म्हणजे हार्डींच्याच पक्षाची शाखा का? (नागपूर)

नाही. इंग्रजी नाव तेच, इंडिपेंडंट लेबर पार्टी, पण संघटना वेगळी. बाबासाहेबांनी हा पक्ष ऑगस्ट १९३६ मध्ये मुंबईत काढला. ब्रिटनमधला त्या नावाचा पक्ष तर १९३२ सालीच मजूर पक्षातून फुटून बाहेर पडला होता. कामही निराळे. १९३७ साली बाबासाहेबांनी मुंबई विधिमंडळात खोती रद्द करण्याचे विधेयक आणले, १९३८च्या नोव्हेंबरात औद्योगिक कलह विधेयकाविरुद्धच्या संपात त्यांचा पक्ष कम्युनिस्टांच्या बरोबरीने उतरला. जातीचा प्रश्न आणि कोकणातल्या कुळांचा प्रश्न हार्डींच्या पक्षापुढे कधी आलाच नव्हता.

शेवटी लोकांनी त्यांना सोडले, असे का म्हटले होते? (जळगाव)

१९१४चे युद्ध. युद्ध पेटले तर सगळ्या देशांच्या कामगारांनी एकदम संप करायचा, या योजनेवर त्यांची भिस्त होती. २ ऑगस्टला लंडनच्या ट्रफाल्गर चौकातल्या युद्धविरोधी सभेत ते बोलले. चारच दिवसांनी आपल्याच मतदारसंघात, अबरडेअरला, त्यांची सभा उधळली गेली. वर्षभराने ग्लासगोत ते वारले. त्यांच्या जागी मर्थरने निवडून दिला तो युद्धाचा कडवा समर्थक, आणि तोही खाणकामगारांचाच पुढारी.

मुलगी ग्लासगोला असते, उन्हाळ्यात जाणार आहोत. हार्डींचे काही पाहण्यासारखे आहे का? (मुंबई)

एअरशरमधल्या कमनॉक गावी जा, त्यांचे बरेचसे आयुष्य तिथेच गेले. गावाला आता स्टेशन नाही. ग्लासगोहून किल्मार्नॉकमार्गे जाणाऱ्या गाडीने ऑकिन्लेकला उतरायचे, तिथून कमनॉक साधारण तीन किलोमीटर. टाउन हॉलसमोर शिल्पकार बेन्नो शॉट्स यांनी केलेला अर्धपुतळा आहे. बेअर्ड इन्स्टिट्यूट या गावच्या संग्रहालयात त्यांच्या वस्तू आहेत. ते रोज उघडे असेलच असे नाही, निघण्याआधी फोन करा. ऑकिन्लेक रस्त्यावरचे त्यांचे ‘लॉकनॉरिस’ हे घर खासगी आहे, तेव्हा बाहेरूनच पाहा. आणि छत्री न्या, उन्हाळा असला तरी.